नागपुरी संत्र्याचं मार्मालेड: साल शिजवण्यापासून बाटली भरण्यापर्यंत

मार्मालेड म्हणजे सालीच्या पट्ट्यांसकट केलेला संत्र्याचा जॅम. त्याच्या ज्या पाककृती आपल्याला सहज सापडतात, त्या बहुतेक सगळ्या एकाच फळासाठी लिहिलेल्या असतात. ते फळ म्हणजे स्पेनमधल्या सेव्हिल शहराच्या नावाने ओळखलं जाणारं कडू संत्रं. जानेवारीच्या सुमारास थोडेच आठवडे मिळणारं, नुसतं खाववणार नाही इतकं आंबट-कडू, जाड सालीचं आणि बियांनी भरलेलं. स्कॉटलंडच्या डंडी शहरातल्या किलर कुटुंबाने १७९७ साली मार्मालेडचा धंदा सुरू केला तो याच फळावर, आणि ब्रिटिश घरांत आजही जानेवारी उजाडला की याच फळाची वाट पाहिली जाते. आपल्या बाजारात ते येत नाही. त्याच्या जागी नागपुरी संत्री घेतली, तेच माप धरलं आणि तेवढीच साखर ओतली, तर हाती येतो गोडमिट्ट पाक आणि त्यात तरंगणारे सालीचे चामट तुकडे. मग हा पदार्थ आपल्या फळांचा नव्हेच, असा समज होतो.

तो समज चुकीचा आहे. नागपुरी संत्र्याच्या सालीचा वास इतका ताजा आणि मोकळा असतो, की नीट केलेल्या मार्मालेडची बाटली उघडताच तो खोलीभर पसरतो. फक्त या फळाला काय कमी पडतं ते ओळखून ते दुसऱ्या फळांकडून घ्यावं लागतं, आणि साखर घालण्याची घाई करायची नाही. पुढची सगळी कृती या दोन गोष्टींभोवती आहे.

पाकाची तार इथे उपयोगाची नाही

आपल्या हाताला मोरंबा आणि साखरांबा यांची सवय असते. तिथे सगळं लक्ष पाकावर असतं. एकतारी झाला का, दोनतारी झाला का, हे दोन बोटांत पाहायचं, की काम झालं. मार्मालेड करताना हीच सवय आड येते. एकतारी पाकाचं तापमान आणि मार्मालेड आळण्याचं तापमान जवळपास सारखंच, साधारण १०४ ते १०५ अंश सेल्सिअस. त्यामुळे तार दिसते आणि आपण गॅस बंद करतो. पण तार एवढंच सांगते की साखर दाट झाली आहे. मार्मालेड थंड झाल्यावर चमच्यावर थरथरत उभं राहतं ते पेक्टिनमुळे, आणि ते आहे की नाही याचा तारेला पत्ता नसतो.

पेक्टिन हा फळांच्या पेशींच्या भिंतींत असणारा पदार्थ. लिंबूवर्गीय फळांत तो सगळ्यात जास्त असतो सालीखालच्या पांढऱ्या मऊ थरात, फोडींवरच्या पापुद्र्यात आणि बियांभोवतीच्या बुळबुळीत आवरणात. रसात फारच थोडा. पाण्यात बराच वेळ मंद शिजवलं की तो बाहेर उतरतो. पण नुसता उतरून भागत नाही. त्याचे लांब धागे एकमेकांना धरून जाळं करतात तेव्हाच मिश्रण आळतं, आणि त्यासाठी भरपूर आंबटपणा हवा, सामू (pH) साधारण ३ च्या आसपास. आंबटपणामुळे धाग्यांमधलं एकमेकांना दूर लोटणं कमी होतं. आणि मिश्रणात साखर ६० ते ६५ टक्के हवी, कारण साखर पाणी स्वतःकडे ओढून घेते आणि धागे जवळ येतात. पेक्टिन, आम्ल, साखर. यातलं एक जरी कमी पडलं तरी बाकीच्या दोघांनी कितीही उकळून ते भरून निघत नाही.

आता नागपुरी संत्रं पाहा. साल पातळ, सुटी, हाताने सहज निघणारी. पांढरा थर नावापुरता. रस गोड. म्हणजे पेक्टिन बेताचं आणि आम्लही बेताचं. म्हणून सोबत दोन फळं घ्यायची. मोसंबीच्या सालीखाली पांढरा थर चांगला जाड असतो, तो पेक्टिनसाठी. कागदी लिंबू आंबटपणासाठी. संत्र्याने वास आणि रंग द्यायचा.

फळ कोणतं आणि कधी

विदर्भातल्या संत्र्याचे दोन बहार. आंबिया बहाराची फळं साधारण ऑक्टोबर ते डिसेंबरात येतात, मृग बहाराची फेब्रुवारी ते एप्रिलच्या सुमारास. मृगाचं फळ खायला जास्त गोड. मार्मालेडला मात्र मी आंबियाचं घेते, आणि तेही हंगामाच्या सुरुवातीचं, सालीवर अजून थोडी हिरवट झाक असलेलं. पुरतं न पिकलेल्या फळात पेक्टिन आणि आंबटपणा दोन्ही जास्त असतात. काटोल, नरखेड, वरुड, मोर्शी या पट्ट्यात राहणाऱ्यांना बागेतली बारीक फळं स्वस्तात मिळतात. खायला कोणी घेत नाही ती या कामाला उत्तम, कारण गराच्या मानाने साल जास्त.

फळ हातात घेऊन दाबून पाहा. साल आतल्या फोडींपासून सुटून पोकळ झाली असेल तर नको, तशा फळाची साल कोरडी असते आणि वासही उतरलेला असतो. जड, ताठ सालीचं, नखाने ओरखडलं की तेलाचा फवारा उडेल असं फळ घ्या.

मुंबई-पुण्याच्या बाजारात हिवाळ्यात संत्री म्हणून जे विकलं जातं त्यातलं बरंचसं किन्नू असतं, पंजाब-राजस्थानकडून येणारं. चकचकीत, घट्ट सालीचं, भरपूर बियांचं. ते चालतं. साल काढायला सुरी लागते, कडूपणा थोडा जास्त येतो, आळायला मात्र मदत होते. चमकणाऱ्या फळांवर बहुधा मेणाचा थर दिलेला असतो. आपण साल खाणार आहोत, म्हणून कोणतंही फळ असलं तरी कोमट पाण्यात थोडा खाण्याचा सोडा घालून दहा मिनिटं बुडवा, मऊ ब्रशने घासा आणि दोनदा धुवा. मेण असेल तर पाणी जरा जास्त गरम घ्या.

साहित्य

- नागपुरी संत्री १ किलो (मध्यम आकाराची सात-आठ)
- मोसंबी २, साधारण ४०० ग्रॅम
- रसरशीत कागदी लिंबं ६
- पाणी दीड लिटर
- साखर साधारण १ किलो ते १ किलो १०० ग्रॅम. नेमकी किती हे दुसऱ्या दिवशी वजनावर ठरेल
- लोणी अर्धा चमचा
- मलमलीचं स्वच्छ फडकं आणि सुती दोरा

यातून पावणेदोन किलोच्या आसपास मार्मालेड होतं, म्हणजे पाव किलोच्या सात बाटल्या. एका वेळी याहून जास्त करू नका. मोठा घाट घातला की उकळायला वेळ लागतो, आणि जितका वेळ उकळेल तितका रंग तपकिरी आणि वास जळकट होतो. जास्त हवं असेल तर दुसरा घाणा वेगळा करावा.

भांडं रुंद तोंडाचं, जाड बुडाचं, स्टीलचं घ्या. ॲल्युमिनियमचं नको, आणि कल्हई नसलेलं पितळ-तांबं तर मुळीच नको. इतका आंबट रस धातू खातो. साखर घातल्यावर मिश्रण उकळताना बरंच फुगून वर येतं, म्हणून भांडं अर्ध्याहून कमी भरेल इतकं मोठं असू द्या. पाच लिटरचं पातेलं बरोबर पडतं. सुरुवात करण्याआधी हे रिकामं पातेलं तोलून वजन कुठेतरी लिहून ठेवा. पुढे ते लागणार आहे.

पहिला दिवस: कापणं आणि भिजवणं

संत्र्यांवर देठापासून खाली चार उभ्या चिरा देऊन साल हाताने सोला. आठ संत्र्यांपैकी पाच-सहांची साल वापरायची. सगळी घातली तर सालीतल्या तेलाची चव घशाला झोंबते. साल पाटावर उपडी ठेवून आतले पांढरे दोरे सुरीच्या पाठीने हलके खरवडून बाजूला काढा, टाकू नका. मग सालीच्या बारीक पट्ट्या चिरा. जाडी आवडीवर आहे. मला दोन मिलिमीटरच्या आसपास, इंचभर लांब पट्ट्या आवडतात. शिजल्यावर त्या थोड्या फुगतात, म्हणून हवी त्याहून किंचित बारीक चिरावी. मिक्सरमधून काढू नका. सालीच्या पेशी फाटून तेल एकदम सुटतं, मिश्रण गढूळ होतं आणि कडूपणा वाढतो.

मोसंबीची पिवळी-हिरवी बाह्य साल सोलण्याने पातळ काढून टाका. एका मोसंबीची वाटल्यास पट्ट्यांत घ्या. खालचा पांढरा जाड थर सुरीने सोलून जाडसर चिरून ठेवा. आपल्याला मोसंबी हवी आहे ती यासाठी. लिंबं पिळा, रस गाळा. बिया जपून ठेवा आणि पिळलेल्या दोन लिंबांची कवचं घ्या, बाकीची लोणच्याला वापरा. सहाही कवचं घातली तर कडवटपणा हाताबाहेर जातो.

आता फडक्यावर मोसंबीचा पांढरा थर, संत्र्याचे दोरे, लिंबाच्या बिया आणि दोन कवचं ठेवून सैल पुरचुंडी बांधा. आत पाणी फिरायला जागा हवी. पातेल्यात संत्र्याच्या पट्ट्या, पुरचुंडी, दीड लिटर पाणी आणि लिंबाचा अर्धा रस घालून झाकून रात्रभर ठेवा. आंबट पाण्यात पेक्टिन लवकर सुटतं आणि साल आतपर्यंत भिजून दुसऱ्या दिवशी सारखी शिजते. सकाळी पाणी किंचित चिकट, ओशट लागलं की समजा पेक्टिन उतरायला लागलं.

संत्र्याच्या आणि मोसंबीच्या फोडी मात्र न पिळता डब्यात घालून फ्रिजमध्ये ठेवा. मोसंबीचा रस काढून ठेवला की तासाभरात कडू होतो, हे आपण सगळ्यांनी चाखलेलं आहे. फळातला एक पदार्थ, जो अख्ख्या फळात चवहीन असतो, तो रसातल्या आम्लाशी गाठ पडली की हळूहळू लिमोनिन या कडू पदार्थात बदलतो. नागपुरी संत्र्यातही हेच होतं. म्हणून रस आयत्या वेळी काढायचा.

कडूपणा अगदीच नको असेल तर चिरलेल्या पट्ट्या भिजवण्याआधी एकदा तीन-चार मिनिटं उकळून ते पाणी ओतून द्या. हे एकदाच करा. दोन-तीनदा केलं की वास जातो, पेक्टिन जातं, आणि उरते ती साखरेत घोळलेली साल. थोडा कडवटपणा हाच मार्मालेडचा जीव आहे आणि मी तो राखण्याच्या बाजूची आहे.

दुसरा दिवस: साल शिजवणं

पातेलं गॅसवर ठेवा, उकळी आली की आच मंद करा आणि अर्धवट झाकण ठेवून तासभर ते सव्वा तास शिजू द्या. हा तासभर घरात जो वास असतो त्यासाठीसुद्धा हे करावं.

या पायरीवर सगळ्यात जास्त वेळ द्या. साल मऊ झाली की नाही ते घड्याळावरून ठरवू नका. एक जाड पट्टी काढून, गार करून, अंगठा आणि बोट यांत दाबा. ती काहीही विरोध न करता फिसकटली पाहिजे. थोडीशी जरी कचकन लागली तरी अजून पंधरा मिनिटं द्या. कारण साखर पडली की साल मऊ होणं तिथेच थांबतं. साखर सालीतलं पाणी ओढून घेते, पट्ट्या आवळतात, आणि मग दोन तास उकळलं तरी त्या चामट ते चामटच राहतात. या चुकीला नंतर उपाय नाही.

कुकरमध्ये करायचं असेल तर पाणी १ लिटर घ्या, कुकर निम्म्याहून जास्त भरू नका, एक शिट्टी झाली की आच बारीक करून पंधरा मिनिटं ठेवा आणि वाफ आपोआप जिरू द्या. साल अतिशय छान शिजते आणि गॅस वाचतो. मग मिश्रण पातेल्यात काढून पुढचं करा.

साल शिजली की पुरचुंडी काढून चाळणीत, ताटलीवर गार होऊ द्या. तोवर संत्र्याच्या फोडी आडव्या कापून, गाळणीवर धरून हाताने रस पिळा, मोसंबीचाही तसाच. दोन्ही मिळून साडेपाचशे-सहाशे मिलिलीटर निघतो. संत्र्याच्या बिया मी टाकून देते. लिंबाच्या बिया आधीच घातलेल्या आहेत, आणखी बियांनी कडूपणा वाढतो.

आता पुरचुंडी दोन्ही हातांनी दाबून पिळा, पुन्हा पिळा. दाट, पांढुरका, बुळबुळीत द्रव येईल. तेच ते पेक्टिन, थेंब न् थेंब पातेल्यात घ्या. पिळल्याने मार्मालेड किंचित गढूळ होतं म्हणून काही जण पुरचुंडी नुसती निथळू देतात. सेव्हिलच्या फळात पेक्टिन रगड असतं, तिथे ही चैन परवडते. नागपुरी संत्र्यात परवडत नाही.

रस आणि उरलेला लिंबाचा रस पातेल्यात घाला. आता पातेलं तोला आणि रिकाम्या पातेल्याचं वजन वजा करा. सव्वा ते दीड किलो ऐवज भरला पाहिजे. जास्त भरला तर साखर न घालता थोडा वेळ उघडं उकळून आटवा. जे आटवायचं ते साखरेआधी आटवलेलं बरं. मग या वजनाच्या पाऊणपट साखर मोजा: १ किलो ४०० ग्रॅम ऐवज असेल तर १ किलो ५० ग्रॅम साखर. मी साखर वाटीने मोजत नाही, कारण फळातलं पाणी दर हंगामात वेगळं असतं आणि वजनच काय ते खरं सांगतं.

साखर आणि उकळी

पातेलं मंद आचेवर ठेवून साखर घाला आणि ढवळत राहा. उकळी फुटू देऊ नका. उलथन्याच्या पाठीला आणि पातेल्याच्या कडांना एकही कण दिसेनासा झाला, की मगच पुढे जा. दहा मिनिटं लागतात. कण राहिले तर महिन्याभराने बाटलीत खडीसाखर तयार होते. कडांवर उडालेली साखर ओल्या ब्रशने आत सरकवा.

मग आच एकदम मोठी. घरातल्या सगळ्यात मोठ्या बर्नरवर, खळखळून. मंद आचेवर तासभर उकळवलेलं मार्मालेड गडद होतं आणि जास्त वेळ तापल्याने पेक्टिन मोडून ते आळतही नाही. जोरदार उकळीवर २० ते ३० मिनिटांत काम होतं. सुरुवातीला मोठे, पांढरे, फेसाळ बुडबुडे येतील आणि मिश्रण वर चढेल. हळूहळू फेस बसतो, बुडबुडे लहान आणि जड होतात, आवाज बदलून घोगरा होतो आणि पृष्ठभागावर तकाकी येते. ही चिन्हं दिसली की चाचणी सुरू करा. या वेळी मुलांना ओट्यापासून लांब ठेवा. हा पाक उडाला तर कातडीला चिकटून राहतो आणि उकळत्या पाण्यापेक्षा वाईट भाजतो.

चाचणीसाठी दोन-तीन बशा आधीच फ्रीजरमध्ये ठेवलेल्या असाव्यात. गॅस बंद करा (चाचणी चालू असताना उकळी चालू ठेवली तर हातचं जातं), गार बशीवर अर्धा चमचा मिश्रण टाका, मिनिटभर पुन्हा फ्रीजरमध्ये ठेवा. मग बोटाने कडेकडून ढकला. वर पातळ साय धरल्यासारखी सुरकुती पडली आणि बोटाने केलेली वाट मिटली नाही, तर झालं. नुसतंच वाहिलं तर गॅस पेटवून आणखी तीन मिनिटं, मग दुसरी बशी. लाकडी चमचा बुडवून आडवा धरला आणि शेवटचे थेंब एकत्र येऊन पडद्यासारखे लोंबले, तर तीही तीच खूण आहे.

थर्मामीटर असेल तर एक हिशेब आधी करा. १०४.५ अंश हा आकडा समुद्रसपाटीचा आहे. उंचीवर पाणी कमी तापमानाला उकळतं, दर ३०० मीटरला साधारण एक अंशाने कमी. पुणं ५६० मीटर उंचीवर आहे, तिथे पाणी ९८ अंशांच्या आसपास उकळतं. महाबळेश्वरला तर पंचाण्णव-शहाण्णवलाच. महाबळेश्वरला कोणी १०४.५ ची वाट पाहत बसलं तर पाक फार घट्ट होईल. म्हणून आधी आपल्या स्वयंपाकघरात साधं पाणी उकळून पाहा आणि त्या आकड्यात साडेचार मिळवा. मुंबई, रत्नागिरी, पणजी इथे हिशेबाची गरज नाही. आणि थर्मामीटर काहीही म्हणो, शेवटचा शब्द बशीचा.

विसावा आणि बाटल्या

आळलं की गॅस बंद करून अर्धा चमचा लोणी घाला, फेस विरघळेल. उरलेला झाऱ्याने काढा. मग बारा ते पंधरा मिनिटं पातेलं तसंच ठेवा. लगेच भरलं तर पट्ट्या हलक्या असल्याने वर तरंगतात आणि बाटलीत खाली नुसती जेली राहते. थोडं दाट होऊ दिलं आणि मग एकदा हलक्या हाताने ढवळलं, की पट्ट्या जागच्या जागी राहतात.

बाटल्या मार्मालेड शिजत असतानाच तयार करा. साबणाच्या गरम पाण्याने धुवा, मोठ्या पातेल्यात तळाशी फडकं घालून, बाटल्या बुडतील इतक्या पाण्यात दहा मिनिटं उकळा आणि स्वच्छ फडक्यावर उपड्या घाला. ओव्हन असेल तर धुतलेल्या बाटल्या १२० अंशांवर वीस मिनिटं. झाकणं वेगळी उकळा. गंजलेलं, लोणच्याचा वास धरलेलं किंवा आतलं रबर सुटलेलं झाकण फेकून द्या. बाटली आणि मार्मालेड दोन्ही गरम हवीत. गार काचेत उकळतं ओतलं तर काच तडकते, आणि कोमट मार्मालेड भरलं तर बुरशीला आयतं आमंत्रण.

वर अर्धा सेंटीमीटर जागा सोडून भरा, कडा ओल्या स्वच्छ फडक्याने पुसा, झाकण घट्ट लावा. इतक्या साखरेत आणि आम्लात घातक जंतू वाढत नाहीत. भीती असते ती बुरशीची, आणि कोकणातल्या दमट हवेत ती जास्त. म्हणून पावसाळा पार करायचा असेल तर झाकण लावलेल्या बाटल्या पुन्हा उकळत्या पाण्यात दहा मिनिटं ठेवा. अंधाऱ्या, गार कपाटात वर्षभर सहज राहतं. उघडलेली बाटली फ्रिजमध्ये, आणि चमचा नेहमी कोरडा.

भरल्यावर लगेच हलवून पाहू नका. लिंबूवर्गीय फळांचं पेक्टिन सावकाश धरतं. पूर्ण आळायला एक दिवस, कधी दोन दिवस लागतात.

काही बिघडलं तर

दोन दिवसांनीही पातळ असेल तर सगळं पातेल्यात ओतून दोन लिंबांचा रस घाला आणि जोरदार उकळी देऊन बशीची चाचणी पुन्हा करा. बहुतेक वेळा आम्लच कमी पडलेलं असतं. जिलेटिन किंवा कॉर्नफ्लोअर घालून दाट करायला जाऊ नका, ते टिकत नाही आणि चवही मरते.

फार घट्ट, रबरासारखं झालं असेल तर उकळी जास्त झाली. बाटलीतून हवं तेवढं काढून, चमचाभर संत्र्याचा रस घालून कोमट करा आणि ते लगेच वापरा.

बुरशी दिसली तर वरचा थर काढून खाली खाऊ नका. ती बाटली टाकून द्या.

साखर कमी करता येईल का, हे हमखास विचारलं जातं. पाऊणपटाच्या खाली दोन-तृतीयांशपर्यंत जाता येतं. आळतं, पण जास्त आटवावं लागतं आणि उत्पन्न घटतं. अर्ध्यावर आणली तर ते मार्मालेड राहत नाही, फ्रिजमध्ये ठेवून दोन-तीन आठवड्यांत संपवायचा संत्र्याचा मुरंबा होतो. गूळ वापरायचा मोह मलाही होतो, पण गुळाची चव सालीच्या वासावर बसते आणि गुळात क्षार असल्याने आंबटपणाही थोडा मारला जातो. रंगासाठी दोन चमचे घालावा, त्याहून जास्त नको.

दुसरी फळं

गणपती ते दिवाळीच्या सुमारास पपनस मिळतं. त्याचा पांढरा थर बोटभर जाड असतो, म्हणजे पेक्टिनची खाणच. त्याचं मार्मालेड फिकट सोनेरी आणि कडू होतं. पट्ट्या एकदा उकळून पाणी टाकणं तिथे गरजेचं आहे. मी पपनसाचा थर वाळवून ठेवत नाही, पण ताजा असेल तेव्हा मोसंबीच्या जागी तोच पुरचुंडीत घालते आणि संत्र्याचं मार्मालेड फार सुरेख आळतं.

कोल्हापूरच्या अंबाबाईच्या हातात जे फळ आहे ते म्हाळुंग कोणाच्या परसात असेल, तर त्याचाही जवळपास सगळा भाग पांढरा थरच असतो. रस थोडा, वास मात्र अप्रतिम. त्याच्या पट्ट्यांना दीड-दोन तास शिजवावं लागतं.

संत्र्याची बाग असलेल्यांसाठी एक गोष्ट. आपली कलमं जंभेरी किंवा रंगपूर लाईमच्या खुंटावर बांधलेली असतात. कलम मेलेल्या झाडावर खुंटालाच फांद्या फुटून फळं धरतात आणि ती कोणी तोडत नाही. रंगपूर लाईमची नारिंगी, कडक आंबट फळं मिळाली तर टाकू नका. त्यांच्यात आम्ल भरपूर असतं, म्हणून संत्र्यात ती मिसळली तर वेगळं लिंबू लागत नाही.

आणि इंग्लंडमध्ये राहणाऱ्या मराठी मंडळींना जानेवारीत खरी सेव्हिल संत्री मिळतात. त्यांनी हे माप वापरू नये. तिथे १ किलो फळाला अडीच लिटर पाणी, २ किलो साखर आणि एखाद-दोन मोठी पिवळी लिंबं, आणि सगळ्या बिया पुरचुंडीत. भिजवणं, साल बोटात फिसकटेपर्यंत शिजवणं आणि साखर त्यानंतरच घालणं हे मात्र तसंच.

बाटलीवर फळाचं नाव, बहार आणि तारीख लिहून ठेवा. शक्य झालं तर ऐवजाचं आणि साखरेचं वजनही. पुढच्या आंबियाला फळ जास्त आंबट किंवा जास्त गोड आलं, तर लिंबू किती वाढवायचं की कमी करायचं, ते त्या चिठ्ठीवरून ठरवता येतं.